बेगमपुरा : एका शब्दातले गाव

नसलेल्या गावांची नावे आपल्या धार्मिक वाङ्मयात पुष्कळ आहेत. वैकुंठ आहे, कैलास आहे, इंद्राची अमरावती आहे. या गावांना जायचे तर आधी मरावे लागते. पंधराव्या-सोळाव्या शतकाच्या सुमारास बनारसच्या संत रविदासांनी एका गावाला नाव दिले, बेगमपुरा. तिथे जायला मरणाची अट नाही.

हा शब्द नीट फोडून पाहिला पाहिजे. 'बे' म्हणजे विना, 'गम' म्हणजे दुःख, 'पुरा' म्हणजे वस्ती. दुःखाविना वस्ती. आपल्याकडे छत्रपती संभाजीनगरात विद्यापीठाजवळ बेगमपुरा नावाचा जुना भाग आहे. त्या नावात कानाला राजघराण्यातली बेगम ऐकू येते. रविदासांच्या शब्दाशी तिचा संबंध नाही.

आपल्या मुलुखाशी या शब्दाचे नाते दुसऱ्या वाटेने जुळते. हिंगोली जिल्ह्यातले नर्सी हे नामदेवांचे जन्मगाव मानले जाते. १६०४ मध्ये संकलित झालेल्या शिखांच्या ग्रंथात नामदेवांची ६१ पदे आहेत आणि रविदासांची ४०. शिंप्याच्या घरच्या नामदेवाचे नाव चांभाराच्या घरचे रविदास आपल्या पदात आदराने घेतात. पुढे १७०८ साली गुरू गोविंदसिंगांनी नांदेडला याच ग्रंथाला गुरुपद दिले. म्हणजे बेगमपुरा हा शब्द गेली तीनशेहून अधिक वर्षे आपल्या शेजारी वाचला जात आहे. चळवळीच्या वैचारिक लेखनात मात्र त्याला ठळक जागा मिळायला बराच काळ जावा लागला. गेल ऑम्वेट यांनी २००८ मध्ये जातिविरोधी विचारवंतांच्या समाजस्वप्नावर ग्रंथ लिहिला, तेव्हा त्याच्या शीर्षकातच हा शब्द घेतला.

बेगमपुरा ही मनाची अवस्था आहे, मोक्षाचे रूपक आहे, असे सांगणारे पंडित आहेत. त्यांना एकच प्रश्न विचारावा. मनाच्या अवस्थेत करमाफी कशाला लागते? रविदासांच्या गावात खिराज नाही, म्हणजे सारा नाही. धाक नाही. दुसऱ्या आणि तिसऱ्या दर्जाचा माणूस नाही. वाटेल तिथे फिरावे, महालाच्या दारातही कोणी अडवत नाही. ही यादी उलटी करून वाचा. सारा, धाक, दर्जा आणि अडवलेला रस्ता. आपले खरे गाव समोर उभे राहते. ज्याने हे सगळे सोसले, त्यालाच अशी यादी करता येते.

याच पदात 'वतन' हा शब्द आहे. आपल्याला एक चांगले वतन सापडले, असे रविदास म्हणतात. फारसीतून आलेला हा शब्द तिथे मायभूमी होऊन येतो. मराठी गावगाड्यात त्याच शब्दाचा अर्थ पिढीजात काम आणि त्याबद्दलचा हक्क असा झाला. पाटील-कुळकर्ण्यांना वतनाने मान दिला. महाराला त्याने सांगावे पोचवणे, सरकारी बोजे वाहणे, मेलेली ढोरे ओढणे दिले आणि मोबदला म्हणून तुटपुंजी जमीन व बलुते. बेदरच्या पातशहाने बावन हक्क दिल्याची आख्यायिका पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेली. बोलावणे आले की न जाण्याचा हक्क मात्र त्या बावनांत नव्हता. पदवीपर्यंत पोचलेला मी माझ्या घरातला पहिला. माझ्या आजोबांच्या तोंडी 'वतन' म्हणजे रात्री-अपरात्री दारात येऊन पडलेली हाक.

म्हणून १९२८ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबई कायदेमंडळात १८७४ च्या वतन कायद्याला दुरुस्ती सुचवणारे विधेयक मांडले. ते त्यांना मागे घ्यावे लागले. महार वतन कायद्याने जायला १९५८ साल उजाडले. रविदासांना वतन सापडल्याचा आनंद झाला, आपल्याला वतन सुटल्याचा. दोन्ही आनंदांचा अर्थ एकच आहे. माणसाला राहण्याचे ठिकाण हवे, बांधून ठेवणारा खुंटा नको.

आपल्या संतांनी ही वेदना जाणली नव्हती असे नाही. जातीमुळे देवळातून उठवले गेल्याचे नामदेवांनी सांगितले आहे. औंढा नागनाथच्या देवळाबद्दल ती कथा आजही सांगतात. मंगळवेढ्याला गावकूस कोसळून चोखोबा गेले. नामदेवांनी त्यांच्या अस्थी पंढरपूरला आणल्या असे परंपरा सांगते. समाधी मात्र महाद्वाराबाहेरच राहिली. दार उघडायला १९४७ साल यावे लागले. चोखोबांपुढे बंद दार होते. रविदासांनी दारच न अडणारे गाव कल्पिले. १९४८ मध्ये अस्पृश्यतेच्या उगमावरचा आपला ग्रंथ बाबासाहेबांनी नंदनार, रविदास आणि चोखामेळा या तिघांना अर्पण केला, त्यामागे हे नाते आहे.

त्या पदात गावाचे वर्णन आहे. तिथे पोचण्याचा रस्ता नाही. तो रस्ता आखण्याचे काम संविधानाला करावे लागले. कलम १५ ने विहिरी, तलाव आणि रस्ते मोकळे केले, कलम १७ ने अस्पृश्यता नष्ट केली, कलम १९ ने देशभर फिरण्याचे आणि कुठेही राहण्याचे स्वातंत्र्य नागरिकाला दिले. बेगमपुऱ्याची यादी आणि ही कलमे शेजारी ठेवून विद्यार्थ्यांनी एकदा वाचावीत.

आणि मग आपल्या तालुक्याच्या गावात जावे. तिथे भाड्याची खोली मागणाऱ्या मुलाला आजही आधी आडनाव विचारतात. आडनाव ऐकल्यावर खोली कालच दिलेली असते. असा मुलगा शिकून जाणारच असेल, तर त्याने आडनाव लपवायला शिकावे की काय?

रविदासांनी लपवले नाही. पदाच्या शेवटी ते आपली जात सांगतात, आपण मुक्त झालेला चांभार आहोत असे म्हणतात, आणि जो आपल्या शहरातला तो आपला मित्र असे ठरवतात. त्यासाठी त्यांनी वापरलेला शब्द 'हमशहरी' असा आहे. सोयरा, जातभाई, भावकी, गाववाला असे नात्याचे शब्द मराठीत भरपूर आहेत. जात सांगूनही ज्याला खोली मिळते, त्याच्यासाठीचा शब्द अजून आपल्या व्यवहारात यायचा आहे.