वनस्पतींचें बारसें

कोंकणांत आमटींत पडणारें आमसूल ज्या फळाच्या सालीचें होतें, त्या फळास रत्नागिरीकडे रातांबा म्हणतात, गोव्यांत भिरंड म्हणतात, आणि देशावरच्या बाजारांत सरसकट कोकम म्हणतात. एवढ्याशा मुलुखांत एका झाडाचीं तीन नांवें, तर साऱ्या पृथ्वीवरील वनस्पतींची काय कथा! शास्त्राच्या दप्तरीं मात्र या झाडाचें नांव एकच, 'गार्सिनिया इंडिका'. पहिला शब्द वंशाचा, दुसरा जातीचा. जणूं आडनांव आधीं व नांव मागून. तें स्वीडनमध्यें आणि जपानांत सारखेंच चालतें. ही सोय आपल्या इतकी अंगवळणीं पडली आहे कीं, ती कोणीं केली आणि कोणाच्या ज्ञानावर केली, हा प्रश्न सहसा आपल्या मनांत येत नाहीं. तो येथें विचारावा असें आम्हांस वाटतें.

सोय केली ती स्वीडनच्या कार्ल लिनियसनें (१७०७–१७७८). त्याच्यापूर्वीं वनस्पतीचें नांव म्हणजे लॅटिन भाषेंतील एक वर्णनच असे. आपलें टोमॅटोचें झाड घ्या. 'कांटे नसलेल्या मऊ खोडाचें, पिसासारख्या कातरलेल्या पानांचें सोलॅनम' अशा अर्थाचें लांबलचक वाक्य हेंच त्याचें नांव. नवें झाड सांपडलें कीं, तें जुन्यापासून वेगळें दिसावें म्हणून वाक्य आणखी लांबे. लिनियसनें १७५३ सालीं प्रसिद्ध केलेल्या 'स्पीशीज प्लँटारम' या ग्रंथांत सुमारें ६००० जातींचीं वर्णनें दिलीं, आणि प्रत्येकीस वंशनामापुढें एकेक शब्द जोडून दिला. वर्णन वर्णनाच्या जागीं राहिलें. नांव सुटसुटीत झालें. वर्गीकरणासाठीं त्यानें फुलांतील पुंकेसरांची संख्या व मांडणी पाहून चोवीस वर्ग पाडले. ही मांडणी कृत्रिम आहे, सृष्टींतील खरें नातें तींत उतरत नाहीं, हें त्याला स्वतःलाही ठाऊक होतें.

परंतु लिनियस हिंदुस्थानांत कधींच आला नाहीं. मग येथलीं झाडें त्यास कोणीं दाखविलीं? सिंहलद्वीपांतील वनस्पतींसाठीं त्याच्यापुढें पॉल हर्मन यानें जमविलेला वाळक्या नमुन्यांचा संग्रह होता. मलबारसाठीं त्याचा मुख्य आधार म्हणजे 'हॉर्टुस मलबारिकुस' हा बारा खंडांचा ग्रंथ. डच ईस्ट इंडिया कंपनीचा मलबारांतील अधिकारी हेंड्रिक व्हॅन ऱ्हीड यानें तो तयार करविला व १६७८ ते १६९३ या काळांत तो ॲम्स्टरडॅम येथें छापला गेला. सातशेंहून अधिक वनस्पति, त्यांचीं तांब्याच्या पत्र्यांवर कोरलेलीं मोठालीं चित्रें, त्यांचे औषधी गुण, आणि मुख्य म्हणजे त्यांचीं देशी नांवें त्यांत आहेत. कर्ता स्वतः शेवट पाहण्यास उरला नाहीं. १६९१ सालीं मुंबईनजीक समुद्रावर त्यास मृत्यु आला. त्याची कबर सुरतेस आहे.

ग्रंथ व्हॅन ऱ्हीडच्या नांवावर असला, तरी झाडें ओळखणारे डोळे त्याचे नव्हते. ते होते इट्टि अच्युतन या मल्याळी वैद्याचे. तो ईळव जातीचा. घराण्यांत चालत आलेल्या ताडपत्रांवरील पोथ्यांच्या आधारें तो एकेका झाडाची माहिती सांगे. ती मल्याळींतून पोर्तुगीजांत व पुढें लॅटिनांत उतरे. त्याच्या जोडीला कोचीनचे तीन कोंकणी ब्राह्मण वैद्य होते: रंग भट, विनायक पंडित आणि अप्पु भट. गोव्याहून दक्षिणेस जाऊन स्थायिक झालेल्या समाजांतले हे लोक निघंटूंतील नांवें रानांतल्या झाडांशीं ताडून पाहत. पहिल्या खंडांत अच्युतनाचें प्रतिज्ञापत्र मल्याळींत, व या तिघांचें कोंकणी भाषेंत, नागरी लिपींत छापलेलें आहे. त्यावरील साल १६७५. शिवाजीमहाराजांच्या राज्याभिषेकास तेव्हां एकच वर्ष झालें होतें. नागरींत छापलेल्या कोंकणीचा हा फार जुना नमुना एका डच ग्रंथांत जपला गेला आहे.

या देशी नांवांचें पुढें काय झालें? ग्रीक वा लॅटिन मुळाचें नसलेलें वंशनाम त्याज्य समजावें, असा लिनियसचा नियम होता. त्यामुळें मलबारी 'तेंगा', म्हणजे आपला माड, 'कोकोस न्युसिफेरा' झाला. तरीही कांहीं नांवें नियमाच्या चाळणींतून निसटून राहिलीं. मायाळूचा वंश 'बसेला', करंजाचा 'पोंगामिया', वेलदोड्याचा 'एलेटारिया', हे तिन्ही मलबारच्या बोलींतले शब्द आहेत. वेलदोडे विकणाऱ्या वाण्यास ठाऊक नसेल, पण त्याच्या मालाच्या शास्त्रीय नांवांत दक्षिणेंतला एलम् आजही ऐकूं येतो. शिवाय, जेथें लिनियसनें केवळ या ग्रंथांतील चित्र पाहून जातीस नांव दिलें, तेथें तें चित्रच त्या नांवाचा आधार मानलें जातें. नांवाविषयीं वाद उपस्थित झाला, तर आजच्या शास्त्रज्ञासही त्या वैद्यांनीं ओळखून दिलेल्या झाडाच्या चित्रापाशींच यावें लागतें.

नांवांच्या द्वारें माणसांचाही सन्मान करण्याची चाल आहे. व्हॅन ऱ्हीडच्या स्मरणार्थ लिनियसनें 'ऱ्हीडिया' हा वंश स्थापिला. पुढें असें ठरलें कीं, हा निराळा वंश नव्हेच. तो गार्सिनियांत सामावतो. गार्सिनिया, म्हणजे आपल्या रातांब्याचा वंश, ज्याचें नांव डच कंपनीच्याच चाकरींत राहिलेल्या लॉरां गार्सें या वैद्यावरून पडलें. अच्युतनाच्या नांवें ब्लूम या शास्त्रज्ञानें एकोणिसाव्या शतकांत 'अच्युडेमिया' हा वंश केला. तोही कधीं स्वतंत्र, तर कधीं दुसऱ्या वंशाच्या पोटांत गणला गेला.

अशी उलथापालथ पाहून कोणी म्हणेल कीं, हें शास्त्र कसलें! आम्हांस तसें वाटत नाहीं. डार्विनचा ग्रंथ १८५९ सालीं निघाल्यापासून वर्गीकरण म्हणजे सोयीचे कप्पे न राहतां वंशावळीचा शोध झाला, आणि आतां पेशींतील डीएनए वाचून ती तपासली जाते. नातें नव्यानें कळलें, तर आडनांव बदलणें प्राप्तच आहे. लिनियसनें करंजास 'सायटिसस' वंशांत घातलें होतें. तो पोंगामियांत गेला, तेथून मिलेटियांत, आणि पुन्हा पोंगामियांत परतला. २०२४ सालीं माद्रिद येथील वनस्पतिशास्त्र-परिषदेंत, आफ्रिकेंतील काळ्या लोकांस हिणविणाऱ्या एका शब्दावरून पडलेलीं दोनशेंहून अधिक नांवें बदलण्याचा ठराव झाला. नांव देणाऱ्याचा अहंकारही नांवांत उतरतो, ही कबुली शास्त्रानें दिली, हें त्याच्या थोरपणासच शोभतें.

लिनियसला दोष देण्याचा आमचा हेतु नाहीं. त्याच्या शिस्तीवांचून शेंकडों बोलींतल्या नांवांचा मेळ बसता ना. परंतु व्हॅन ऱ्हीडनें जें केलें तेंही विसरूं नये. सांगणाऱ्याचें नांव, त्याची भाषा आणि त्याची लिपि त्यानें ग्रंथांत राहूं दिली. म्हणूनच के. एस. मणिलाल यांनीं कित्येक वर्षें खपून या ग्रंथाचें इंग्रजी भाषांतर २००३ सालीं व मल्याळी भाषांतर २००८ सालीं प्रसिद्ध केलें, तेव्हां अच्युतनाचें ज्ञान त्याच्या नांवासह त्याच्या भाषेंत परत येऊं शकलें. सह्याद्रींतल्या रानांतून झाडें हुडकून आणणाऱ्या आजच्या अभ्यासकांनींही वाट दाखविणाऱ्या गुराख्याचें व पाला ओळखणाऱ्या म्हातारीचें नांव टिपून ठेवावें. बारशाला मुलाच्या कानांत नांव आत्या सांगते. दप्तरांत तिची नोंद नसते, पण घरांत कोणी तिला विसरत नाहीं. शास्त्राच्या घरींही हा रिवाज असावा.