गाजरगवत गव्हातून आले का?

भंडारा जिल्ह्यात तुमसरजवळच्या आंबागडावर मुलांची सहल नेली, की आपण सांगतो : हा किल्ला १७०० च्या सुमारास, देवगडच्या बख्त बुलंद राजाचा सुभेदार राजा खान पठाण याने बांधला. अशा सहलीत वाटेच्या कडेला गाजरगवत भेटतेच. ते इथले केव्हापासूनचे, हे मात्र आपण सहसा विचारत नाही.

नावात गवत असले तरी हे गवत नव्हे. सूर्यफुलाच्या कुळातल्या पार्थेनियम या लहानशा प्रजातीतली ही एक जाती. प्रजातीत सुमारे सोळा जाती आहेत, सगळ्या मूळच्या अमेरिकेकडच्या आणि त्यांतल्या बऱ्याच झुडपे. मेक्सिकोतल्या ग्वायूले झुडपापासून रबर मिळते. दुसऱ्या महायुद्धात आग्नेय आशियातले रबराचे मळे जपानच्या ताब्यात गेले, तेव्हा १९४२ पासून अमेरिकेने त्याची मोठी लागवड केली. गाजरगवत हा या झुडपांचा वर्षायू भाऊबंद.

ते आपल्याकडे आले कसे? 'पी. एल. ४८० च्या अमेरिकन गव्हातून', हे उत्तर आपल्याला पाठ असते. आम्हीही ते अनेक वर्षे वर्गात सांगितले. आता तारखा पाहू. पी. एल. ४८० हा अमेरिकन कायदा जुलै १९५४ चा. भारताशी त्याखालचा पहिला करार ऑगस्ट १९५६ मध्ये झाला. पण पुण्यात उकिरड्यांवर ही झाडे प्रा. परांजपे यांना १९५१ मध्येच दिसली होती. आर. एस. राव यांनी त्यांची नोंद १९५६ मध्ये मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात छापली. त्याहून मागे गेलो, तर कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानाच्या १८१४ च्या यादीतही हे नाव सापडते.

म्हणजे नंतरच्या गव्हातून आणखी बी आले असेल. पण पहिल्या आगमनाचा आळ त्या करारावर घालता येत नाही. कारण कार्याच्या आधी घडावे लागते, एवढी साधी कसोटी इथे पुरते.

प्रसाराचे कारण तर रोपातच दिसते. त्याचे एकेक पांढरे 'फूल' म्हणजे अनेक फुलांचा गुच्छ असतो आणि त्यात साधारण पाच बिया धरतात. एका रोपावर असे हजारो गुच्छ येतात. जनावरे ते खात नाहीत आणि त्याला खाणारे मूळचे कीटक इथे नव्हते. म्हणून १९८३ मध्ये मेक्सिकोतून एक भुंगेरा बंगलोरला आणून, तपासून, १९८४ मध्ये सोडण्यात आला. आज तो महाराष्ट्रातही पावसाळ्यात पाने कुरतडताना दिसतो, पण गाजरगवत संपलेले नाही.

पुढच्या सहलीत मुलांना एका रोपावरचे गुच्छ मोजायला लावा आणि पाचने गुणायला सांगा. रोपाला उघडा हात मात्र लावू देऊ नका, त्याने त्वचेचा त्रास होतो. परतल्यावर वर तपासल्या त्या तारखा फळ्यावर क्रमाने लिहा आणि गव्हाच्या गोष्टीचा निकाल मुलांनाच लावू द्या.