आधी पकड, मग हुकूम

ज्युदोच्या डोळस मल्लांची लढत ज्याने पाहिली आहे त्याला ठाऊक असेल की, दोघे परस्परांपासून अंतर राखून उभे राहतात, पंचाने ‘हाजिमे’ म्हणून हुकूम दिला की पुढे सरसावतात, आणि मग कोणाचा हात कोणाच्या बाहीवर आधी पडतो यासाठी जी झटापट सुरू होते, जिला आपल्या तालमीत खडाखडी म्हणतात, तिच्यातच कित्येकदा लढतीचा मोठा भाग खर्ची पडतो. दृष्टिहीनांच्या ज्युदोत ही खडाखडी नाही. पंच दोघांना हाताला धरून मध्यभागी आणतो. प्रत्येकजण एका हाताने प्रतिस्पर्ध्याच्या जाड सुती अंगरख्याची बाही आणि दुसऱ्या हाताने छातीवरची पट्टी धरतो. उभयपक्षी पकड पक्की झाली याची पंचाने खातरजमा केल्यावरच हुकूम सुटतो. आणि मध्येच दोघे विलग झाले, तर लढत थांबवून त्यांना पुन्हा मध्यभागी आणावे व पुन्हा पकड द्यावी, असा शिरस्ता आहे. बाकी डाव तेच, दाबून धरणे तेच, गळा आवळणे तेच, आणि पाठीवर स्वच्छ आपटल्यास तत्क्षणी होणारा फैसलाही तोच.

या एका तरतुदीला अंधांसाठी केलेली सवलत समजण्याचा प्रघात आहे, आणि तो मला मूळ विद्येवर अन्याय करणारा वाटतो. ज्युदोचे प्रवर्तक जिगोरो कानो यांनी १८८२ साली टोकियोतील एइशोजी या बौद्ध मंदिरात अवघ्या बारा चटयांच्या जागेत आपली शाळा उघडली, तेव्हा जुन्या जुजुत्सूच्या दोन परंपरा त्यांच्या हाती आल्या होत्या. त्यांपैकी कितो परंपरेतून त्यांनी जे तत्त्व उचलले आणि आपल्या संपूर्ण पद्धतीचा पाया केले, ते असे की, माणसाला उचलून टाकण्यापूर्वी त्याचा तोल मोडावा लागतो, आणि तो मोडण्याचा क्षण त्याच्याच हालचालीत दडलेला असतो. तो ढकलू लागला तर ओढावे, ओढू लागला तर त्याच्या बाजूने जावे. आता प्रतिस्पर्ध्याचे वजन कोणत्या टाचेवर गेले आहे, हे डोळ्यांना कळण्याच्या कितीतरी आधी बाहीला धरलेल्या बोटांना कळते, हे कोणताही मुरलेला वस्ताद सांगेल. तेव्हा पकडीपासून प्रारंभ करणारा अंध मल्ल या विद्येच्या उंबरठ्यावर थांबलेला नसून तिच्या गाभ्यातच उभा असतो.

ही विद्या ज्या देशांत दृष्टिहीनांच्या हाती सर्वाधिक फळास आली त्या देशांत ब्राझीलचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल. १८ जून १९०८ रोजी ‘कासातो मारू’ हे जहाज सांतोस बंदराला लागले आणि कॉफीच्या मळ्यांवर राबण्यासाठी आलेली जपानी कुटुंबे साओ पाउलो प्रांतात उतरली. पुढे १९१४ साली कानो यांच्या कोदोकान या शाळेचा विख्यात मल्ल मित्सुयो माएदा त्या देशी आला. मळ्यांवरच्या वस्त्यांतून हळूहळू ही विद्या शहरांत आली, जपानी वंशाबाहेरच्या मुलांनी ती आपलीशी केली, आणि साओ पाउलोच्या लगतच्या औद्योगिक पट्ट्यात ती कामगारांच्या घरांपर्यंत पोहोचली. याच पट्ट्यातले साओ बर्नार्डो दो कांपो हे मोटारींच्या कारखान्यांचे गाव. सत्तरीच्या दशकाअखेर धातुकामगारांच्या प्रचंड संपांनी ज्याचे नाव जगभर झाले तेच हे गाव. तेथे २४ ऑक्टोबर १९७० रोजी आंतोनियो तेनोरियो दा सिल्वा यांचा जन्म झाला.

डोळे शाबूत असतानाच, अगदी बालपणी, त्यांनी ज्युदोचा अंगरखा चढविला होता. तेरा वर्षांचे असताना सवंगड्यांबरोबर गलोलीचा खेळ चालला होता आणि गलोलीत घालावयास होत्या एरंडाच्या बिया. त्यांतली एक डाव्या डोळ्यावर बसली आणि तो डोळा गेला. एकोणिसाव्या वर्षी उजव्या डोळ्यात संसर्ग होऊन उरलेली दृष्टीही गेली. ऐन तारुण्यात जगाचा असा संपूर्ण अस्त झालेला माणूस पुन्हा आखाड्याकडे वळला, यामागे त्याच्या स्वभावाचा कणखरपणा होताच; परंतु हेही ध्यानात घेतले पाहिजे की, ज्या विद्येत हातांनी शिकलेले काहीच व्यर्थ जात नाही अशी विद्या त्याच्या गाठी आधीपासूनच होती.

काळही अनुकूल झाला होता. १९८८ च्या सोल पॅरालिंपिकमध्ये पुरुषांच्या ज्युदोला प्रथमच प्रवेश मिळाला. (स्त्रियांना त्यासाठी २००४ च्या अथेन्सपर्यंत तिष्ठत राहावे लागले, आणि इतका विलंब का व्हावा याचे समाधानकारक कारण मला कोठे आढळलेले नाही.) १९९६ साली अटलांटा येथे तेनोरियो यांनी ८६ किलोच्या आतील गटात सुवर्ण मिळविले, २००० साली सिडनीत ९० किलोच्या गटात, २००४ साली अथेन्समध्ये आणि २००८ साली बीजिंगमध्ये १०० किलोच्या गटात. चार स्पर्धा, तीन निरनिराळे वजनगट, चार सुवर्णपदके! बीजिंगच्या उद्घाटनसोहळ्यात देशाचा ध्वज त्यांच्याच हाती होता. पुढे २०१२ साली लंडनमध्ये कांस्य, आणि २०१६ साली मायदेशी, रिओत, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी रौप्य. अंतिम लढतीत ते दक्षिण कोरियाच्या चोई ग्वांग-गून यांच्याकडून हरले.

या नामावळीपेक्षाही मोलाची वाटते ती एक बाब, जी पदकांच्या नोंदीत दिसत नाही. दृष्टिहीन मल्लांचे तेव्हा तीन वर्ग मानीत: बी-१ म्हणजे जवळजवळ संपूर्ण अंध, बी-२ व बी-३ म्हणजे थोडेफार दिसणारे. हे वर्ग दप्तरी होते, आखाड्यात नव्हते; वजन जुळले की तिन्ही वर्गांचे मल्ल एकाच गटात परस्परांशी भिडत. बी-१ वर्गातल्या मल्लाच्या दोन्ही बाह्यांवर तांबडे वर्तुळ शिवलेले असे, जेणेकरून पंचाला त्याचा वर्ग ओळखता यावा. तेनोरियो यांच्या बाह्यांवर हे वर्तुळ होते. समोरच्याला त्यांची आकृती अंधुक का होईना दिसे. झुकलेला खांदा, फिरणारी पावले त्याला जाणवत. आणि यांच्यापाशी केवळ बोटांतून मिळणारी वार्ता. पकडीच्या कलमाने दोघांना एकत्र आणून उभे केले हे खरे, पण त्यानंतरच्या प्रत्येक क्षणी एकाचे पारडे किंचित जड होते. याबाबत संपूर्ण अंध मल्लांची तक्रार रास्तच होती, आणि तेनोरियो यांची सारी पॅरालिंपिक पदके ही तक्रार दूर होण्यापूर्वीची आहेत. त्यांच्या कर्तृत्वाचे मोजमाप करताना हा धडा कोणी गाळू नये.

२०२१ साली ते पुन्हा उतरले, तेही टोकियोत, १९६४ च्या ऑलिंपिकातील ज्युदोसाठीच उभारलेल्या निप्पोन बुदोकानमध्ये. त्याच वर्षी कोरोनाने त्यांना रुग्णालयात नेले होते. पन्नाशीला टेकलेल्या त्या देहाने पाचव्या स्थानापर्यंत मजल मारली. पदकांची अखंड माळ तेथे खंडित झाली.

पुढल्याच वर्षी, २०२२ मध्ये, नियम बदलले. जवळजवळ संपूर्ण अंधांचा जे-१ आणि थोडेफार दिसणाऱ्यांचा जे-२ असे दोन वर्ग मुक्रर होऊन त्यांच्या स्पर्धा पूर्णतः वेगळ्या करण्यात आल्या, आणि संपूर्ण अंध मल्लांची गाठ आपल्याच बरोबरीच्यांशी पडू लागली. पदकांची संख्या मर्यादेत ठेवण्यासाठी वजनगट मात्र कमी करावे लागले. पुरुषांचे सातावरून चार झाले, आणि ज्या १०० किलोच्या गटात तेनोरियो यांनी दोन सुवर्णे जिंकली होती तो गटच नाहीसा झाला. न्याय मिळाला तो असा, काही देऊन काही घेणारा. तरीही तो न्यायच होता, असे माझे स्पष्ट मत आहे.

त्याची फळे २०२४ साली पॅरिसमध्ये दिसली. जे-१ वर्गात ब्राझीलच्या आर्थुर सिल्वा आणि विलियान्स आराउजो यांनी सुवर्णपदके पटकावली. त्याच वर्गात, ६० किलोच्या गटात, मध्य प्रदेशातील सिहोरचा कपिल परमार उतरला होता. लहानपणी शेतातल्या पाण्याच्या पंपाला हात लागून विजेचा जबर धक्का बसलेला, पुढे दृष्टी क्षीण होत गेलेली, आणि भावाबरोबर चहाचे दुकान चालवून सराव टिकविलेला हा तरुण. उपांत्य लढतीत तो इराणी मल्लाकडून हरला. कांस्यपदकाच्या लढतीत पंचाने त्याला मध्यभागी आणले तेव्हा त्याने ज्याची बाही धरली तो एलिएल्टन दे ऑलिव्हेरा तेनोरियो यांच्याच देशाचा होता. ५ सप्टेंबर २०२४ रोजी झालेली ती लढत कपिलने १०–० अशी जिंकली, आणि पॅरालिंपिक ज्युदोतील भारताचे पहिले पदक दप्तरी दाखल झाले.