त्रिशंकू

वाल्मीकिरामायणाच्या बालकांडातील इक्ष्वाकुवंशीय राजा. त्याला सदेह स्वर्गात जायचे होते. वसिष्ठांनी नकार दिल्यावर विश्वामित्राने तपोबलाने त्याला वर धाडले. इंद्राने ढकलताच तो खाली डोके, वर पाय असा कोसळू लागला. विश्वामित्राने ‘थांब’ म्हणताच तो अधांतरी स्थिरावला आणि त्याच्यासाठी दक्षिणेकडे नवे तारे निर्माण झाले, अशी कथा आहे. मराठीत अनिश्चित स्थितीला यावरूनच ‘त्रिशंकू अवस्था’ म्हणतात.

मराठीत त्रिशंकू हे ‘दक्षिण क्रॉस’ या तारकासमूहाचेही नाव आहे. 88 तारकासमूहांत तो आकाराने सर्वांत लहान आहे. वालावल (ता. कुडाळ, जि. सिंधुदुर्ग) सुमारे 16° उत्तर अक्षांशावर असल्याने तेथून मे महिन्याच्या मध्यास रात्री नऊच्या सुमारास तो दक्षिण क्षितिजावर साधारण 11° ते 17° उंचीवर दिसतो.

प्रत्यक्षात कथेतल्या त्रिशंकूसारखी आधार नसलेली वस्तू पृथ्वीजवळ स्थिर राहत नाही. मात्र पृथ्वीपासून सूर्याच्या दिशेने सुमारे 15 लाख किमी. वरील ‘एल 1’ बिंदूपाशी दोघांच्या गुरुत्वाकर्षणाच्या एकत्रित परिणामामुळे यान पृथ्वीसोबतच सूर्याभोवती फिरते. भारताचे ‘आदित्य-एल 1’ 6 जानेवारी 2024 रोजी या बिंदूभोवतीच्या कक्षेत पोहोचले.