लाज कुणाच्या पदरात?

गटाच्या बैठकीत आपण हप्ता, व्याज, बँकेचं कर्ज यावर नेहमीच बोलतो. आज मी एका वेगळ्या कर्जाचा इतिहास सांगणार आहे. हे कर्ज बाई घेत नाही, पण फेडते मात्र तीच, आणि तेही जन्मभर. त्याचं नाव लाज.

"घराण्याचं नाक कापलं", "तोंड काळं केलं", "पांढऱ्या पायाची", "आल्या आल्या नवऱ्याला खाल्लं". ही बोलणी आपण लहानपणापासून ऐकतो. घडलेलं काहीही असो, बोट बाईकडेच वळतं. हे बोट कधीपासून वळतंय आणि ते मागे घ्यायला कुणी कुणी लावलं, ते बघू या.

१८५६ साली इंग्रज सरकारने विधवेला पुन्हा लग्न करता येईल असा कायदा केला. कायदा झाला, रूढी मात्र हलली नाही. ब्राह्मण घरांत आठ-दहा वर्षांची पोर विधवा झाली तरी पुढे तिचे केस काढत, आलवण नेसवत आणि घरकामाला जुंपत. अशा मुलीवर कधी घरातल्याच एखाद्या पुरुषाची वाईट नजर पडे आणि तिला दिवस जात. त्या पुरुषाचं नाव कुणी विचारत नसे. तिच्यापुढे दोनच वाटा उरत. एक विहिरीची, नाहीतर पोटच्या बाळाच्या गळ्याला नख लावायची. बाळ मारलं तर खुनाचा खटला तिच्यावरच चाले.

हे बघून जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८६३ साली पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. विधवेने इथे यावं, गुपचूप बाळंत व्हावं, मूल न्यावं किंवा ठेवून जावं, असं त्यांनी जाहीर केलं. १८८४ पर्यंत ३५ विधवा तिथे येऊन गेल्याचं जोतीरावांनी स्वतः नोंदवलं आहे. त्यांतल्याच एकीचा मुलगा फुले दांपत्याने दत्तक घेतला. तोच यशवंत. पुढे तो डॉक्टर झाला. १८९७ च्या प्लेगमध्ये त्याच्या दवाखान्यात रोग्यांची सेवा करताना सावित्रीबाईंना प्लेग झाला आणि त्यातच त्या गेल्या. ज्या मुलाला समाज पाप म्हणाला असता, तो लोकांचे जीव वाचवत होता. पंढरपुरातही १८७५ साली असंच बालहत्या प्रतिबंधक गृह निघालं.

या घरांनी जीव वाचवले. पण बाईला तिथे तोंड लपवूनच यावं लागे, कारण बाहेरची लाज तशीच होती. त्या लाजेलाच उलटा सवाल केला तो बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी. सुरतच्या विजयालक्ष्मी नावाच्या विधवेला बाळ मारल्याबद्दल फाशीची शिक्षा झाली होती. नंतर ती कमी झाली. वर्तमानपत्रांतून त्या निमित्ताने साऱ्या बायकांच्या चारित्र्यावर चिखलफेक चालली होती. ते वाचून ताराबाई संतापल्या आणि १८८२ साली त्यांनी 'स्त्रीपुरुषतुलना' हे छोटं पुस्तक लिहिलं. जे दुर्गुण बाईच्या माथी मारता, ते पुरुषात नाहीत का, हा त्यांचा प्रश्न होता. नवरा गेला यात बाईचा काय गुन्हा? बायको मेली तर पुरुष दाढी-मिशा काढून कोपऱ्यात बसतो का? या पुस्तकावर टीका झाली. जोतीराव त्यांच्या बाजूने उभे राहिले, पण ताराबाईंचं दुसरं पुस्तक काही आलं नाही. बोलणाऱ्या बाईला गप्प करायचं काम लाज असंही करते.

आता तिसरी गोष्ट, आणि मला ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. विधवेचे केस काढायला वस्तरा लागतो आणि वस्तरा चालवायला हात लागतो. सत्यशोधक चळवळीतले कामगारांचे पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने १८९० साली मुंबईत नाभिकांची सभा भरली. विधवांच्या डोक्यावरून आम्ही वस्तरा फिरवणार नाही, असं त्यांनी ठरवलं. हातावर पोट असलेल्या माणसांनी ठरलेली कमाई सोडायची तयारी दाखवली. त्यामागचा विचार साधा होता. रूढी काही हवेत नसते, ती कुणाच्या तरी हाताने चालते. तो हात मागे आला की रूढी अडते.

तुम्ही म्हणाल, केशवपन आमच्यात नव्हतंच, आमच्यात पाट लागायचा. खरं आहे. शेतकरी, कारागीर आणि इतर अनेक जातींत विधवेला पाटाची, मोहतराची मुभा होती. पण पाट कसा लागे? रात्री, गुपचूप. सवाष्णी तिथे जात नसत. नवरा मिळे, पण पहिल्या लग्नाचा मान मिळत नसे. म्हणजे मुभा होती, तरी लाज सुटली नव्हती.

आपल्या नाशिककडेही बघू. २०१३ साली नाशिक शहरात एका बापाने आपल्या गरोदर मुलीचा जीव घेतला. तिने दुसऱ्या जातीत लग्न केलं होतं आणि घरावर जातपंचायतीचा दबाव असल्याचं पुढे आलं. चार लोकांत तोंड दाखवायची लाज पोटच्या लेकीपेक्षा मोठी झाली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने नाशिकमध्ये जातपंचायतीविरुद्ध परिषद घेतली. डॉ. नरेंद्र दाभोलकर या कामात पुढे होते. त्याच महिन्यात २० तारखेला पुण्यात त्यांचा खून झाला. काम मात्र थांबलं नाही. २०१६ साली विधिमंडळाने सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा मंजूर केला आणि जुलै २०१७ पासून तो लागू झाला. कुणाला वाळीत टाकलं, तर तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. आपल्या गावात असं घडलं तर पोलिसांत तक्रार करता येते, हे लक्षात ठेवा.

कायदा बहिष्कार टाकणाऱ्याला पकडतो. पण हळदी-कुंकवाला न बोलावणं, वाणाचं ताट पुढे सरकवताना एकीला वगळणं, हे कुठला पोलीस पकडणार? तिथे गावच लागतं. कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यातलं हेरवाड असंच एक गाव. मे २०२२ मध्ये, राजर्षी शाहू महाराजांची स्मृतिशताब्दी होती त्या वेळी, तिथल्या ग्रामसभेने ठराव केला की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं गावात बंद. याच शाहू महाराजांनी १९१७ साली आपल्या संस्थानात विधवा पुनर्विवाहाचा कायदा केला होता. हेरवाडच्या ठरावानंतर काही दिवसांतच, १७ मे २०२२ रोजी, राज्य सरकारने परिपत्रक काढून सगळ्या ग्रामपंचायतींना तोच कित्ता गिरवायला सांगितलं.

मैत्रिणींनो, आता जरा आपल्या हातांकडे बघा. वस्तरा नाभिकाच्या हातात होता. पण दगडावर बांगड्या फोडतं कोण? कुंकू पुसतं कोण? आपणच, बायकाच. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात तसं आहे हे. त्यातल्या कित्येकींना मनातून ते नको असतं, पण "लोक काय म्हणतील" म्हणून हात पुढे होतो. ते लोक म्हणजे कोण? बाजूला उभी असलेली शेजारीण. आणि तिला वाटतं, ते लोक म्हणजे आपण. एकमेकींच्या धाकाने सगळ्या मिळून एकीला लाजेत ढकलतो.

लाज मुळीच नको असं मी म्हणत नाही. दारू पिऊन बायकोला मारणाऱ्याला लाज वाटायलाच हवी. भावजयीची जमीन लाटणाऱ्यालाही वाटायला हवी. ज्याचं कृत्य, लाज त्याच्या पदरात. नवरा अपघातात, आजारात किंवा कर्जापायी गेला, यात बाईचं कसलं कृत्य?

एकटीने हे मोडणं अवघड आहे. दहा-वीस जणींच्या गटाला मात्र जमण्यासारखं आहे. गावात कुणाचा नवरा गेला तर गटातल्या दोघी-तिघींनी तिच्याजवळ बसावं आणि बांगड्यांना कुणाला हात लावू देऊ नये. कुंकू लावायचं की नाही, ते तिचं तिने ठरवावं. संक्रांतीचं पहिलं वाण तिला द्यावं. लेकीच्या लग्नात तिला मागे उभं करू नये. आणि पुढच्या ग्रामसभेत हेरवाडसारखा ठराव मांडावा. तो मांडायचा हक्क आपल्याला आहे.

या महिन्याच्या बैठकीत हप्ते जमा झाले की दोन प्रश्नांवर बोला. आपल्या गावात कोणत्या गोष्टीची लाज बाईच्या पदरात टाकली जाते? आणि त्यातलं आपल्या हाताने होणारं काय आहे, जे आपण उद्यापासून थांबवू शकतो? जे ठरेल ते इतिवृत्तात लिहा आणि सगळ्यांनी खाली सह्या करा.