भानामती : नाव कोणी घेतले?



हंगामाच्या दिवसांत हिंगोलीच्या हळद बाजारात आमचे हमालबांधव सकाळपासून दिवेलागणीपर्यंत पोती वाहतात. अंग पिवळे, घाम पिवळा, रात्री थुंकीसुद्धा पिवळी. या हळदीची कोणाला कधी भीती वाटली नाही. पण अमावास्येच्या दुसऱ्या दिवशी बाजाराच्या फाटकाबाहेर तिठ्यावर चिमूटभर हळद, कुंकू आणि टाचण्या टोचलेले एक लिंबू पडलेले दिसले, की पोती लीलया उचलणारा तोच गडी वळसा घालून जातो. आम्हीही पुष्कळदा घातला आहे. उगाच शहाणपणा कशाला मिरवावा?

चेटूक आणि चेटकिणींचा छळ यांचा इतिहास सांगा, अशी या व्याख्यानमालेच्या चालकांची आज्ञा झाली. आमची शाळा सातवीत सुटली. पुढचे वाचन झाले ते युनियनच्या कचेरीत, रात्री, उसन्या पुस्तकांवर. त्यामुळे दूरदेशीच्या गोष्टींना हात घालण्यापूर्वी आपल्या अंगणातली एक गोष्ट सांगतो. ती सांगताना आम्हांला संकोच वाटतो, कारण तिच्यात आमचीही बाजू फारशी चांगली नाही.

२००६ सालची गोष्ट. आपल्याच जिल्ह्यातल्या एका गावी एक विधवा बाई राहत होती. पावसाळ्यात निंदणी-खुरपणी, उन्हाळ्यात बाजारात हळद निवडायची. सगळे तिला मावशी म्हणत, आम्हीही म्हणत असू. तिने एक बोकड गावातल्या एका माणसाला उधारीवर दिला होता. तो माणूस आमच्या युनियनचा सभासद, इतकेच नव्हे, तर त्या भागातला आमचा मुख्य कार्यकर्ता. दीड वर्ष ती पैसे मागत होती. पुढे त्याची म्हैस आटली आणि मग त्याच्या सुनेच्या दंडावर व पोटावर बिब्ब्याच्या फुल्या उठू लागल्या. गावात एकच बोलवा झाला : भानामती!

परगावचा देवऋषी आला. त्याने नाव घेतले नाही, हे ध्यानात ठेवा. तो एवढेच म्हणाला, "उगवतीला घर आहे, कपाळ पांढरं आहे, आणि तुमच्या घरी तिची काही वस्तू आहे." उगवतीला घरे बरीच होती. पांढऱ्या कपाळाच्या बायाही तीन-चार होत्या. नाव गावाने भरले.

दुसऱ्या दिवसापासून चक्कीवाला तिचे दळण घेईना. हापशावर ती आली की बाया घागरी उचलून बाजूला होत. ती बाजारात आमच्याकडे आली आणि म्हणाली, "दादा, मी कुनाचं काय केलं न्हाई. माजं नाव कोनं घेतलं, तेवढं सांगा." आम्ही तिला घेऊन ठाण्यात गेलो. तेथे विचारले गेले, "मारहाण झाली का? नाही ना? मग गुन्हा कोणता लिहायचा?" झाल्यावर या, असे सांगण्यात आले. त्यानंतर आम्ही त्या गावी जायला पाहिजे होते. गेलो नाही. युनियनची निवडणूक तोंडावर होती, आणि ज्याच्या घरून हे सारे उठले होते त्याच्या शब्दावर चाळीस मते होती. बाराव्या दिवशी रात्री चारपाच जणांनी मावशीला घरातून ओढून काढले आणि दगडाने तिचे पुढचे दोन दात पाडले.

दातच का? जुन्या निजामी राज्याच्या मुलखात, म्हणजे आपला मराठवाडा, बिदर, गुलबर्गा आणि तिकडे तेलंगणातला मेदक या भागांत, भानामतीची समजूत खोल रुजलेली आहे. भाषा मराठीची कानडी होते, कानडीची तेलुगू होते, पण शब्द तोच राहतो. मंत्राचा उच्चार बिघडला की मंत्र मरतो, असे मानले जाते. म्हणून दात पाडायचे. नाहीतर चांभाराच्या कुंडीतले पाणी पाजायचे, म्हणजे विद्या बाटते! एका जातीच्या कष्टाचे पाणी दुसऱ्याला शिक्षा म्हणून पाजणाऱ्या या समाजाच्या बुद्धीविषयी काय बोलावे? मेदककडे असे आळ पुरुषांवरही पुष्कळ येतात. तेव्हा चेटूक म्हणजे केवळ बाईच्या जातीचा दोष, असे समजण्याचे कारण नाही. मात्र आळ ज्याच्यावर येतो तो माणूस बहुधा एकटा असतो, आणि पुष्कळदा त्याचे कोणाकडे तरी काही येणे असते.

त्या फुल्यांचा खुलासा मागाहून एका डॉक्टरांनी दोन मिनिटांत केला. परीट कपड्यावर खूण करतो तोच बिब्बा. त्याचे तेल कातडीला लागले की फोड येतो, काळा डाग पडतो. जेथे हात सहज पोचतो तेथेच फुल्या उठतात, पाठीच्या मधोमध उठत नाहीत. घरावर दगड पडणे, दांडीवरचे कपडे पेटणे, अन्नात घाण पडणे, हे भानामतीचे इतर प्रकारही तपासले असता घरातलेच कोणीतरी दुःखी, दबलेले माणूस ते करीत असल्याचे अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांना वारंवार आढळले आहे. त्या सुनेला पाच वर्षांत मूल नव्हते आणि घरात तिला रोज मार होता. फुल्या उठल्यापासून मार थांबला होता. तिला दोष द्यायला आमची जीभ रेटत नाही.

आता इतिहासाकडे वळू. कोणी म्हणेल, हे सारे अडाणी खेड्यांतले प्रकार. राज्यकर्ते आणि विद्वान यांचा त्याच्याशी काय संबंध? वस्तुतः संबंध फार जवळचा आहे. पेशवाईत कोकणात अमक्याने भूत घातले अशा फिर्यादी सरकारात येत, त्यांच्या चौकश्या होत, दंडही होत. म्हणजे नाव घेणाऱ्याच्या मागे सरकार उभे होते. खानदेश आणि डांगच्या भिल्ल मुलखात डाकीण ठरवलेल्या बाईला झाडाला उलटे टांगून झोके देत, डोळ्यांत मिरची भरीत, ती कबूल होईपर्यंत. इंग्रजी अंमल आल्यावर असे मारणाऱ्यांना शिक्षा होऊ लागल्या. मेवाडात १८५३ साली इंग्रजांच्या आग्रहावरून महाराणा स्वरूपसिंह यांनी या प्रकाराला बंदी केली. पण साहेबाने शिक्षा दिली ती खुनाला. गावाला वाटले, सरकार डाकिणीला पाठीशी घालते. १८५७ च्या उठावात छोटानागपूरकडे इंग्रजांचा अंमल ढिला पडताच चेटकी म्हणून ठरवलेल्यांना मारण्याचे प्रकार एकदम वाढले, हे अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. वरून दाबलेली गोष्ट तळाशी तशीच होती.

आणि युरोप? ज्या युरोपाकडे आपण शहाणपणासाठी पाहतो, तेथे साधारण १४५० ते १७५० या तीनशे वर्षांत चाळीस ते साठ हजार माणसे चेटकी म्हणून मारली गेली. त्यांत बाया पुष्कळ अधिक. हे काम तेथे नुसत्या जमावाने केले नाही. न्यायाधीश होते, कारकून होते, शिक्के होते. क्रेमर नावाच्या एका धर्माधिकाऱ्याने चेटकिणी कशा ओळखाव्या आणि त्यांचा खटला कसा चालवावा यावर ग्रंथ लिहिला. तो १४८६ च्या सुमारास छापला गेला आणि त्याच्या आवृत्त्यांवर आवृत्त्या निघाल्या. छापखाना ज्ञान पसरवतो तसे हेही पसरवतो. छळ करून बाईकडून कबुली घ्यायची आणि तुझ्याबरोबर आणखी कोण होत्या ते विचारायचे. वेदनेने ती चार नावे घेई, त्या चौघी सोळा घेत. काही शहरांत शेवटी मोठ्या घरच्या बायका आणि अधिकारीही चितेवर गेले.

गणिती केप्लर आपणांस ऐकून ठाऊक असेल. ग्रहांच्या गतीचे नियम ज्याने सांगितले तो. त्याची आई काटारीना हिच्यावर १६१५ साली एका शेजारणीने विष घातल्याचा आळ घेतला. पुढे म्हातारी चौदा महिने साखळदंडांत होती. केप्लर कामधाम सोडून गावी आला, एकेका साक्षीचे उत्तर लिहिले, आणि १६२१ साली तिला सोडवले. पुढच्याच वर्षी ती वारली. केप्लरच्या आईला केप्लर होता. बाकीच्या हजारोंना कोण होते?

परंतु या साऱ्या वाचनात आमच्या मनात ठसला तो स्पेनमधला एक धर्मन्यायाधीश, आलोन्सो दे सालासार फ्रीआस. १६१० साली लोग्रोन्यो गावी सहा माणसांना चेटकी म्हणून जिवंत जाळले, त्या निवाड्यात हा गृहस्थ बसला होता. पण त्याच्या मनाला शंका लागली. पुढल्या वर्षी तो स्वतः डोंगराळ बास्क मुलखात गेला आणि सुमारे १,८०० माणसांचे जबाब त्याने नोंदवले. त्यांत मुलेच जास्त होती. रात्रीच्या मेळाव्याची म्हणून सांगितलेली जागा, उडण्याचे म्हणून दिलेले मलम, सारे त्याने तपासले. निष्कर्ष असा काढला की, लोक चेटकिणींविषयी बोलू आणि लिहू लागेपर्यंत तेथे चेटकीण नव्हतीच. १६१४ साली वरच्या मंडळाने त्याचे म्हणणे मानून नवे नियम केले आणि चेटकिणी जाळणे तेथे जवळजवळ थांबले. लोकांची समजूत काही एका रात्रीत गेली नव्हती. गेली ती नुसत्या नावावर माणूस जाळण्याची सोय. स्वित्झर्लंडात मात्र १७८२ पर्यंत आना ग्योल्डी नावाच्या मोलकरणीचा शिरच्छेद व्हायचा राहिला होता. तिला निर्दोष ठरवायला तिथल्या सरकारला २००८ साल उजाडले.

मावशीच्या खटल्याकडे परत येतो. १८६० च्या भारतीय दंडसंहितेत दात मोडणे ही जबर दुखापत धरली होती. आज ती संहिता जाऊन नवी आली आहे. गुन्हा नोंदला गेला तो दुखापतीचा. बारा दिवस दळण बंद, पाणी बंद, "ही करते" म्हणून बोट दाखवणे, यांपैकी काहीही कागदावर आले नाही. कायद्याला दात दिसला, नाव दिसले नाही. साक्षीदार फुटले. खटला गेला.

म्हणून २०१३ चा महाराष्ट्राचा कायदा आम्ही हातात आला तेव्हा उभ्याउभ्या वाचला. लोकांच्या तोंडी तो जादूटोणाविरोधी कायदा. डॉ. नरेंद्र दाभोलकर त्यासाठी वर्षानुवर्षे झगडले. २० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी पुण्यात त्यांचा खून झाला, आणि त्याच आठवड्यात अध्यादेश निघाला. डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात विधेयक संमत झाले. परिशिष्टात बारा बाबी आहेत. त्यांत एक अशी : अमुक व्यक्ती करणी करते, मंत्राने जनावराचे दूध आटवते, तिच्यामुळे रोगराई येते, असे जाहीर करून तिचे जगणे मुश्किल करणे, हाच गुन्हा. सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद आणि पाच ते पन्नास हजार रुपये दंड. जनावराच्या दुधापर्यंत ज्याने लिहिले त्याला गाव ठाऊक होते! दात पडेपर्यंत थांबण्याचे आता कारण उरलेले नाही.

अर्थात कायदा झाला म्हणून काम झाले, असे नाही. अध्यादेशाखालचा पहिला गुन्हा शेजारच्या नांदेड जिल्ह्यात नोंदला गेला, पण तो दुर्धर रोग बरे करतो म्हणणाऱ्यांवर. नाव घेणाऱ्याविरुद्ध फिर्याद द्यायला गावातलेच कोणी उठावे लागते. बिहारने तर १९९९ सालीच डाकीणप्रथेविरुद्ध कायदा केला होता. तरी २०२२ या एका वर्षात देशात चेटकाच्या कारणाने ८५ खून झाल्याची सरकारी नोंद आहे. ज्यांची नुसती घागर दूर सारली गेली, त्यांची मोजदाद कोणीच करीत नाही.

कायदा आल्यावर हळदीच्या हंगामात आम्ही बाजारातल्या शेडखाली ते परिशिष्ट मोठ्याने वाचून दाखवले. आमचा तो कार्यकर्ताही समोर होता. त्याला आम्ही युनियनमधून काढला होता, पण तो निवडणुकीनंतर, हे सांगितले पाहिजे. मावशी सूप घेऊन हळद निवडीत बसली होती. वाचन संपल्यावर तिने विचारले, "दादा, हे आधीच्याला लागू हाय का?" आम्ही म्हटले, "नाही मावशी. कायदा झाला त्याच्या पुढचे." ती म्हणाली, "बरं," आणि सूप पुन्हा हलवू लागली.

बोकडाचे पैसे त्याने अजून दिलेले नाहीत.