शाळेची घंटा आणि शेतातला वाफसा



गणित सुटो वा न सुटो, तास संपला की शाळेची घंटा होतेच. पेरणीचे तसे नाही. नांगरट झाली, कुळवाच्या पाळ्या झाल्या, पाऊस पडून जमिनीला वाफसा आला, म्हणजे मग तिफण बाहेर काढायची. वाफसा नसेल तर थांबायचे, मग पंचांगातले नक्षत्र काहीही सांगो. आज ज्या वादाची हकीगत मी सांगणार आहे, तो वाद असाच होता. आपल्या शरीरातली पेशी घंटेवर चालते, की वाफसा पाहून?

आधी घंटेवर चालणारे यंत्र पाहू. नोव्हेंबर १९७१ मध्ये अमेरिकेतील इंटेल कंपनीने ४००४ नावाचा मायक्रोप्रोसेसर विक्रीस आणला. मुळात तो एका जपानी कंपनीच्या हिशेबाच्या यंत्रासाठी तयार केलेला. करंगळीच्या नखाहून लहान अशा सिलिकॉनच्या तुकड्यावर सुमारे २,३०० ट्रान्झिस्टर! त्याला बाहेरून विजेचे ठोके पुरवावे लागत, सेकंदाला जास्तीत जास्त ७ लाख ४० हजार. आठ ठोक्यांचे एक आवर्तन. पहिल्या तिनांत पत्ता पाठवायचा, पुढच्या दोहोंत हुकूम आणायचा, उरलेल्या तिनांत तो बजावायचा. काम आटोपले का, असे ठोका कधी विचारीत नाही. ते वेळेत आटोपेल अशी तजवीज यंत्र रचणाऱ्यानेच आधी करून ठेवायची. ठोक्यांचा वेग हद्दीबाहेर वाढवला, तर यंत्र चुकू लागते.

आता पेशी. एका पेशीच्या दोन होतात, हे शाळेत आपण चित्रे काढून शिकतो. दोन विभाजनांमधला काळ मात्र पूर्वी विसाव्याचा समजला जाई. १९५१ ते १९५३ या काळात लंडनच्या हॅमरस्मिथ रुग्णालयात अल्मा हॉवर्ड आणि स्टीफन पेल्क यांनी एका शेंगवर्गीय रोपाच्या मुळांना किरणोत्सारी फॉस्फरस दिला आणि दाखवले, की डीएनएची नक्कल याच ‘विसाव्यात’, ठरावीक अवधीत होते. तिच्या आधी आणि नंतर थोडा मोकळा काळ असतो. चक्राचे टप्पे ठरले. पण एका टप्प्यातून दुसऱ्यात पेशीला नेतो कोण?

लेलंड हार्टवेल यांनी सिएटलला, पाव फुगवणाऱ्या यीस्टमध्ये, एकेका टप्प्यावर अडकून पडणारे प्रकार शोधले. एक काम अडले की पुढचे सुरूच होत नसे. म्हणजे वाफसा! पण १९८० साली आफ्रिकन बेडकाच्या अंड्यांवर प्रयोग झाला. ज्यात केंद्रकच नाही, असे अंडे विभाजनाच्या वेळा पाळून नियमाने आक्रसत राहिले. काम करायला कोणी नाही, घंटा मात्र चालू. पुढे १९८२ च्या उन्हाळ्यात वुड्स होल येथे टिम हंट यांना सी-अर्चिन या काटेरी समुद्रप्राण्याच्या अंड्यांत असे एक प्रथिन आढळले, की जे साठत जाई आणि प्रत्येक विभाजनाच्या वेळी एकाएकी नाहीसे होई. त्याला ‘सायक्लिन’ म्हणतात. घंटेचा लोलक सापडला असेच वाटावे.

मग खरे कोण? मला या साऱ्या इतिहासात सर्वांत आवडतो तो टेड वाइनर्ट आणि हार्टवेल यांचा १९८८ चा प्रयोग. यीस्टवर क्ष-किरण सोडले, की डीएनए तुटतो. निरोगी यीस्ट अशा वेळी थांबते, दुरुस्ती करते आणि मगच विभागते. पण ‘रॅड-९’ हे जनुक बिघडलेले यीस्ट थांबत नाही. तुटक्या डीएनएसह तसेच पुढे जाते आणि मरते. आता गंमत पाहा. या वेड्या यीस्टला त्यांनी औषध घालून जबरीने काही तास थांबवून ठेवले, तर त्यातले बरेच जगले! दुरुस्ती त्याला येत होती. थांबणे तेवढे येत नव्हते.

तेव्हा दोन्ही पक्ष खरेच म्हणायचे. बेडकाचे अंडे पहिली बारा विभाजने घंटेवरच उरकते, काम पुरे झाले का हे न पाहता. त्यानंतर त्याच्या पेशी वाट पाहू लागतात. लोलक असतोच, पण त्याला धरून ठेवणारे पहारेकरीही असतात. हार्टवेल, हंट आणि विभाजनाला चालना देणारे जनुक यीस्टपासून माणसापर्यंत एकच आहे हे दाखवणारे पॉल नर्स, या तिघांना २००१ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

हे सारे यीस्टपुरते आणि बेडकापुरते राहिले असते, तर मी आपला वेळ घेतला नसता. माणसाच्या पेशीतला असा एक पहारेकरी म्हणजे पी-५३ हे प्रथिन. सुमारे निम्म्या कर्करोगांत तोच बिघडलेला आढळतो. पेशी थांबायचे विसरते आणि चुकांसकट वाढत जाते. २०१५ साली अमेरिकेत स्तनाच्या एका प्रकारच्या कर्करोगावर पाल्बोसिक्लिब नावाच्या औषधाला मान्यता मिळाली. सायक्लिनच्या जोडीने पेशीला पुढे ढकलणाऱ्या दोन प्रथिनांना ते अडवते, आणि डीएनएची नक्कल सुरू होण्याआधीच पेशीला थांबवून धरते.